शनिवारी बघायचं, रविवारी उघडायचं

आमच्या घरात एक काळ असा होता की एक वस्तू धड नव्हती, आणि त्याला टीव्ही जबाबदार होता. तोही आमचा नाही, शेजारच्या काकूंचा.

घाटकोपरला डोंगराच्या उतारावर आमची बैठी चाळ. आमच्या रांगेत टीव्ही फक्त काकूंकडे होता. काळा-पांढरा, पुढे लाकडी सरकती दारं असलेला. कार्यक्रम संपला की काकू ती दारं लावून वर क्रोशाचा रुमाल टाकायच्या. काका बसवर कंडक्टर होते. ते घरी असले की 'पुढे सरका, पुढे सरका' करत चाळीतल्या सगळ्यांना आत बसवायचे आणि आपण मात्र दारात उभे राहायचे. सवय, दुसरं काय. पण माणसं दिलदार. आम्ही तिथे बसून पाहिलं, खाल्लं, भांडलो, झोपलोसुद्धा, आणि कधी कुणी आम्हाला 'आता घरी जा' म्हणालं नाही.

तर त्या टीव्हीवर शनिवारी संध्याकाळी एक मालिका लागायची. रोजच्या वापरातली एकेक वस्तू घ्यायची आणि ती कशी चालते ते उलगडून दाखवायचं, एवढंच. एका शनिवारी नळ, एका शनिवारी कुलूप, मग गजराचं घड्याळ, मग इस्त्री. सांगणारे एक चष्मेवाले गृहस्थ होते, कडक इस्त्रीचा बुशशर्ट घातलेले. आम्ही पोरं त्यांना मास्तर म्हणायचो. मास्तर वस्तू टेबलावर ठेवायचे, स्क्रू-ड्रायव्हर फिरवत फिरवत तिच्या पोटातलं सगळं बाहेर मांडायचे, आणि समजावून झालं की पुन्हा जसंच्या तसं बसवायचे. हे करताना घाम नाही की चिडचिड नाही. शेवटी कॅमेऱ्याकडे बघून सांगायचे, की मुलांनो, घरी करून बघायचं असेल तर मोठ्या माणसाच्या देखरेखीखालीच करा.

यावर आमचे बाबा मागच्या रांगेतून हळूच म्हणायचे, "मोठा माणूस मीच की."

बाबा तसे घुमे. दिवसभरात ते 'हो', 'नाही' आणि 'भात वाढ' यापलीकडे फारसं बोलत नसत. आधी ते गिरणीत होते, साचेवाले, म्हणजे मागावर कापड विणणारे. संप झाला, गिरणीने पुष्कळांना परत घेतलं नाही, त्यात बाबांचीही नोकरी गेली. मी सांगते आहे त्या वेळेला ते साकीनाक्याला एका कंपनीत लागले होते. औषधाच्या बाटल्या खोक्यात भरायच्या, खोकी चिकटवायची. कामाबद्दल त्यांनी कधी कुरकुर केली नाही आणि कौतुकही केलं नाही. घरी आले की हातपाय धुवायचे, चहा प्यायचे आणि भिंतीला टेकून बसायचे. पण ही मालिका सुरू झाली आणि त्या माणसाच्या अंगात आलं. शनिवारी बघायचं, रविवारी उघडायचं.

पहिला गेला नळ. आमच्या घरात नळ कुठला असायला, चाळीचा सार्वजनिक. रविवारी सकाळी, ऐन पाणी यायच्या वेळेला, बाबा तो उघडून बसले. आतला चामडी वायसर ते दोन बोटांत धरून मास्तरांसारखा सगळ्यांना दाखवतायत, तोवर पाणी आलं. मग काय विचारता. रांगेतल्या बायकांनी त्या दिवशी बाबांचा जो उद्धार केला तो ऐकून मी हंडा तिथेच टाकून पळाले.

त्यानंतर कुलूप. ते परत जोडलं गेलं, पण पुढे ते कुठल्याही किल्लीने उघडायला लागलं, काकूंच्या केसातल्या पिनेनेसुद्धा. आई म्हणाली, बरं झालं, चोराला निदान दार तोडायचे कष्ट नकोत. गजराचं घड्याळ त्याला वाटेल तेव्हा वाजायला लागलं. बाबा त्याच्या पाठीवर थाप मारून म्हणायचे, वाजतंय ना, मग झालं तर. प्रत्येक वेळी दोन-चार स्क्रू उरायचे आणि ते एका पावडरच्या रिकाम्या डब्यात जायचे. त्या डब्याचा खुळखुळा करून मी शेजारच्या बाळाला खेळवायची.

खरं सांगू, मजा यायची. रविवारी आमच्या जमिनीवर वर्तमानपत्र अंथरलेलं असायचं, त्यावर कसले कसले तुकडे, आणि बाबा मांडी घालून, जीभ ओठांच्या कोपऱ्यात धरून बसलेले. मी शेजारी. त्यांनी हात पुढे केला की मी मागितलेली वस्तू द्यायची. ते फार काही समजावत नसत. पण एखादा दात्यांचा तुकडा दुसऱ्यात बरोबर बसला की माझ्याकडे बघून भुवया उडवायचे. तेवढ्यावर मी आठवडाभर खूश असायची. आई बडबड करायची, पण पदरात तोंड लपवून हसायचीही.

इस्त्रीच्या वेळी मात्र ती हसली नाही. उघडलेल्या इस्त्रीने तिला असा झटका दिला की ती कोपऱ्यात जाऊन बसली. इस्त्री तिच्या धंद्याची होती. आई ब्लाउज शिवायची. त्या दिवसापासून शिवलेले ब्लाउज ती गादीखाली घालून सरळ करायला लागली आणि बाबांशी दोन दिवस अबोला धरला. बाबांना अबोल्याचा त्रास असा काही झाला नाही, त्यांना तो कळायलाच दीड दिवस लागला.

आता त्या मशीनबद्दल सांगायला हवं. पायाचं, काळं, अंगावर सोनेरी वेल असलेलं जुनं शिलाई मशीन. वाकोल्याला आईची एक ओळखीची ख्रिस्ती बाई होती. तिचे डोळे गेले आणि तिने ते आईला दिलं. तेव्हा संप नुकताच लागला होता. पुढे संप लांबत गेला आणि आमच्या घरात चूल पेटायची ती त्या मशीनवर. दळण त्यावर, रॉकेल त्यावर, माझ्या शाळेचे कपडे त्यावर. ते बंद पडलं असतं तर आम्ही गावाला गेलो असतो, हे आईने मला फार पुढे सांगितलं. तिने त्याला कधी कुणाला हात लावू दिला नाही. धूळसुद्धा तीच पुसायची. बाबांनी नोकरी धरली तरी त्या पगारात महिना भागत नव्हता, तो मशीनच भागवत होतं.

आणि नवरात्राच्या आधीच्या शनिवारी मास्तर हसतमुखाने म्हणाले, की पुढच्या भागात आपण पाहणार आहोत शिलाई मशीन.

आई त्या वेळी तिथे नव्हती. शनिवारची ती वेळ तिच्या कामाची, मालिका तिने कधी पाहिलीच नव्हती. मी बाबांकडे पाहिलं. त्यांनी काही केलं नाही, नुसते दोन्ही तळहात एकमेकांवर चोळले. मी उठले आणि धावत जाऊन आईला सांगितलं. तिने पायडलवरचा पाय काढला. आणि ती मालवणीवर आली. आई चिडली की मालवणीवर यायची. बाबा दारात पोचले न पोचले तोच तिने सुनावलं, "माझ्या मशीनीक हात लावूचो नाय. आधीच सांगान ठेवतंय."

बाबा म्हणाले, हात कुठे लावतोय, बघणार फक्त. पण इस्त्रीच्या आधीही ते असंच म्हणाले होते.

मग आठवडाभर आईचे उपाय चालले. पहिला उपाय मामाचा. माझा मामा मालाडला राहायचा. आईने सांगितलं की मामाने शनिवारी संध्याकाळी बोलावलंय, घरी घट बसलेत, तुम्ही जाऊन या. बाबा म्हणाले, जाऊ की, सगळेच रविवारी जाऊ. आईने तोंड वाकडं केलं, कारण रविवारी गेलो तर बाबा सोमवारी उघडणार. दुसरा उपाय काकूंचा. शनिवारी टीव्ही बिघडलाय असं सांगा, असं आईने काकूंना सुचवलं. काकू म्हणाल्या, अगं, बिघडलाय म्हटलं तर तुझा नवरा टीव्हीच उघडून बसेल. हे आईलाही पटलं.

तिसरा उपाय माझा. मी तेव्हा पाचवी-सहावीत असेन, पण डोकं बरं चालायचं. दसऱ्याला आम्ही पाटीवर सरस्वती काढायचो आणि पुस्तकं पूजेत मांडायचो. एकदा मांडली की दिवसभर त्यांना हात लावायचा नाही, म्हणजे अभ्यास नाही. यातली सोय मला फार लवकर कळली होती. मी आईला म्हटलं, तू मशीन आत्ताच पूजेत ठेव ना. पूजेतल्या वस्तूला बाबा स्क्रू-ड्रायव्हर लावतील का?

आईने माझ्याकडे पाहिलं आणि माझा गालगुच्चा घेतला. तिची तशी तारीफ करायची पद्धत होती.

शनिवारी दुपारी तिने मशीन पुसलं, तेल घातलं, हळदकुंकू वाहिलं, चाकाला झेंडूची माळ घातली आणि समोर रांगोळीचं स्वस्तिक काढलं. बाबा अर्ध्या दिवसाने घरी आले आणि दारातच थबकले. म्हणाले, हत्यारांची पूजा दसऱ्याला ना? आई म्हणाली, आमच्या माहेरी घट बसले की लगेच हत्यारं पूजेत घेतात, ती दसऱ्यापर्यंत हलवत नाहीत. आता आईचं माहेर बाबांच्या गावापासून खाडीपलीकडे, हाकेच्या अंतरावर. तिथे काय करतात आणि काय करत नाहीत हे बाबांना पक्कं ठाऊक होतं. पण ते वाद घालणाऱ्यातले नव्हते. त्यांनी चपला काढल्या आणि मशीनला नमस्कार केला.

आणि मग व्हायचं ते झालं. संध्याकाळी मालिकेची वेळ झाली, आणि मशीन पूजेत असल्यामुळे आईला करायला कामच नव्हतं. लग्नानंतर पहिल्यांदाच असेल, त्या वेळेला तिचे हात मोकळे. ती पदर सारखा करत काकूंकडे आली आणि दारात, काकांच्या शेजारी उभी राहिली. काकांनी सवयीने 'पुढे सरका' केलं, तशी ती आत येऊन बसली.

मास्तरांनी त्या दिवशी मोठी तयारी केली होती. एक लाकडी सुई केली होती, माणसाच्या उंचीची, आणि तिच्या नेढ्यात जाड दोर ओवलेला. एक दोर पांढरा, एक काळा. सुई खाली कशी जाते, तिच्या दोराचा फास कसा होतो, खालचा दोरा त्या फासातून कसा पार होतो, आणि मग दोघं एकमेकांना कसे आवळून बसतात, ते मास्तरांनी पुन्हा पुन्हा दाखवलं. आम्ही पोरं कंटाळलो. आई मात्र एकटक बघत होती. घरी जाताना ती एकदा स्वतःशीच म्हणाली, "असं होय."

रविवार उजाडला. बाबांनी सवयीने वर्तमानपत्र अंथरलं, स्क्रू-ड्रायव्हर काढून ठेवला, आणि मग माळ घातलेल्या मशीनकडे बघत भिंतीला टेकून बसले. रागावले नाहीत. रागावले असते तर बरं वाटलं असतं. मुलाचं खेळणं कुणी वर फळीवर ठेवलं की ते जसं खाली बसून बघतं, तसे बसले होते. आई स्वयंपाकात भांडी जरा जास्तच आपटत होती.

तेवढ्यात काकू आल्या. त्यांना त्यांचा ब्लाउज हवा होता. नवी मोतिया रंगाची साडी दसऱ्याला नेसायची, त्यावरचा. आईचा चेहरा पाहण्यासारखा झाला, कारण तो ब्लाउज अर्धा शिवून तसाच मशीनवर होता, एक बाही सुईखाली अडकलेली, आणि वर हळदकुंकू. आई म्हणाली की पूजेत आहे, दसरा झाला की लगेच देते. काकू म्हणाल्या, दसरा झाल्यावर काय शिमग्याला घालू? आणि माझा एकटीचा नाही, चार घरचे कपडे पडलेत तुझ्याकडे. दिवाळी तोंडावर आली. तू दसऱ्यापर्यंत मशीन बंद ठेवणार म्हणजे काय?

तेव्हा कुठे आमच्या दोघींच्या डोक्यात प्रकाश पडला. बाबांना लावलेली आडकाठी आम्ही आईलाच लावून ठेवली होती. पुस्तकं पूजेत ठेवली की अभ्यास बुडतो, तसं मशीन पूजेत ठेवलं की धंदा बुडतो, एवढं काही माझ्या त्या हुशार डोक्यात आलं नव्हतं.

काकू गेल्यावर आईने बाही सुईखालून हळूच सोडवली आणि हाताने शिवायला बसली. हातशिलाई तिची सुरेख होती, पण किती वेळखाऊ. दोन टाके घालायची, उसासा टाकायची. बाबा सरकून जवळ आले. दुसरी एक सुई घेतली, तिच्यात दोरा ओवला आणि तिच्यापुढे धरली. तिचा दोरा संपला की पुढची तयार. बोलणं काहीच नाही.

हे न बोलणंच आईला सोसलं नाही. तिने ब्लाउज मांडीवर टाकला आणि एकदम विचारलं, "काय मिळतं हो तुम्हाला सगळं उघडून? चालतंय ना, मग चालू द्या की. आत बघून काय मिळतं?"

मला वाटलं बाबा नेहमीसारखं 'काही नाही' म्हणतील. ते हातातल्या सुईकडे बघत होते. म्हणाले, "साच्यापुढे एवढी वर्षं उभा राहिलो. धागा तुटला की गाठ मारायची, आणि मागे सरायचं. साचा बिघडला की जॉबरला, मुकादमाला, बोलवायचं. तो उघडणार, आणि आपण लांब उभं राहायचं. हात लावला तर दंड." मग म्हणाले, "कपडा इतका विणला. पण आत काय चालायचं ते कधी बघूच दिलं नाही गं. आता तर गिरणीपण नाही."

मी हे पहिल्यांदाच ऐकत होते. आईसुद्धा, हे तिच्या तोंडावरून दिसत होतं. मला एकदम रडू आलं, का ते तेव्हा नीट कळलं नाही. बाबा आमच्या चाळीतले सगळ्यात उंच गृहस्थ होते, आणि त्यांना कुणी लांब उभं करत असेल हे मला सहन होईना.

आई उठली. देवापुढच्या वाटीतल्या अक्षता घेतल्या, मशीनवर वाहिल्या, हात जोडले आणि दोन्ही हातांनी मशीन जरासं, बोटभर, जागेवरून हलवलं. सत्यनारायण उठवताना करतात ना, तसंच. देव हलवला की पूजा संपली. मग तिने माळ उतरवली, पदराने हळदकुंकू पुसलं आणि बाबांना म्हणाली, "उघडा. पण मी इथेच बसणार."

बाबा तिच्याकडे बघतच राहिले. ती पुन्हा म्हणाली, "उघडा म्हणते ना."

त्यांनी इतक्या जपून कुठलीच वस्तू उघडली नव्हती. आधी पट्टा उतरवला. मग सुईच्या बाजूचं पत्र्याचं झाकण काढलं आणि स्क्रू आईच्या तळहातावर ठेवले, डब्यात नाही. आईने मूठ घट्ट मिटली. मग मशीन मागे कलतं केलं आणि आम्ही तिघं खाली वाकून बघायला लागलो. आई रोज ज्याच्यावर बसायची त्याची खालची बाजू मीही कधी पाहिली नव्हती. सगळं तेलकट, काळं, आणि सुताचे बारीक तंतू अडकलेले. बाबा हाताने चाक फिरवत होते. एक दांडी पुढे, एक मागे. आणि मध्ये ती होडी. त्या जुन्या मशीनमध्ये खालचा दोरा एका लहानशा लोखंडी होडीत असायचा. आई ती रोज काढायची आणि घालायची, पण झाकणाखाली ती काय करते हे कालपर्यंत तिलाही ठाऊक नव्हतं. ती होडी झुलत पुढे यायची, वरच्या दोऱ्याच्या फासातून पार व्हायची, मागे जायची.

बाबांचा हात थांबला. त्यांनी चाक परत मागे घेतलं आणि सावकाश पुढे फिरवलं.

"हा धोटा आहे," ते म्हणाले. "अगं, हा आपला धोटा. लहान आहे, पण तोच."

आईने विचारलं, धोटा म्हणजे काय. आणि विचारल्यावर तीच जरा ओशाळली असावी. गिरणीवाल्याशी लग्न करून इतकी वर्षं झाली होती, रोज पहाटे उठून तिने डबा भरून दिला होता, पण तो माणूस तिथे नेमकं काय करतो हे तिला 'कपडा काढतात' यापलीकडे माहीत नव्हतं. बायकांनी गिरणीत साचेखाता बघायला जायची काही पद्धत नव्हती, आणि बाबा सांगणाऱ्यातले नव्हते.

बाबांनी मशीन पुन्हा सरळ केलं, झाकण बसवलं, आईच्या मुठीतले स्क्रू एकेक मागून घेतले. पट्टा चढवला. सगळं जिथल्या तिथे. आई मशीनवर बसली, बाही सुईखाली घेतली आणि श्वास रोखून पायडल मारलं. चाललं. पहिल्यापेक्षा हलकं चाललं, असं ती पुढे कित्येक वर्षं सांगायची, आणि ते खरं असो नसो, मी तिच्यावर विश्वास ठेवते.

शिवता शिवता ती म्हणाली, मग सांगा की. धोट्याचं.

बाबा खाली जमिनीवर बसले होते. म्हणाले, त्यात काय सांगायचं. पण मग त्यांनी माझ्या दोन पट्ट्या घेतल्या, त्यांच्यामध्ये उभे दोरे ताणले, आईचा खडू धोटा म्हणून घेतला आणि दाखवायला लागले. हा ताणा, हा बाणा. हा धोटा आडवा दोरा घेऊन असा सुटतो, इकडून तिकडे, इतका जोरात की कधी निसटून माणसाला लागला तर डोळा जातो. एका माणसाकडे बरेच साचे, त्यांच्यामध्ये नुसतं फिरत राहायचं. धागा तुटला तर गाठ अशी, एका हाताने. त्यांनी ती मारून दाखवली, आणि ती झाली कधी हे कळलंच नाही.

आईला ऐकायचं होतं, म्हणून तिने पायडल थांबवलं. बाबाही थांबले. तिने म्हटलं, बोला ना. बाबांनी तोंड उघडलं, मिटलं, मग ओशाळून हसले.

"तू चालू ठेव," ते म्हणाले. "साच्यांच्या आवाजात बोलायची सवय गं. शांत असलं की मला काही सुचत नाही."

आईने एकदा माझ्याकडे पाहिलं आणि पायडल मारायला सुरुवात केली. आणि बाबा बोलायला लागले. आवाज चढवून, हातवारे करत, कारण तिथे कानाने ऐकू यायचं नाही, ओठ आणि हात बघून समजायचं. सोबत्यांबद्दल बोलले, सुताच्या धुरळ्याबद्दल, पाळी सुटल्यावर डोळ्यांना होणाऱ्या उजेडाच्या त्रासाबद्दल, एकदा एकाने पैज लावून साच्यापुढे गायलेल्या भजनाच्या गजराबद्दल, जो कुणालाच ऐकू आला नव्हता आणि तरी सगळ्यांनी ताल धरला होता. मी त्यांच्या मांडीला टेकून बसले. माझ्या सगळ्या आयुष्यात ऐकले नव्हते इतके शब्द त्या दुपारी मी बाबांच्या तोंडून ऐकले, आणि मला इतकं बरं वाटत होतं की मी हललेसुद्धा नाही.

कधीतरी माझं लक्ष मशीनकडे गेलं. काकूंचा ब्लाउज घडी घालून बाजूला ठेवलेला होता. सुईखाली कापड नव्हतं. आईने सुईतला दोराही काढून ठेवला होता, आणि बाबांच्या तोंडाकडे बघत ती नुसतंच रिकामं मशीन चालवत होती.